तोंडपाठ

सुखदेवच्या डबल्सच्या, म्हणजे चणे-पुरीच्या, गाडीपाशी मी तोंड उघडलं आणि शब्द आलाच नाही. फार मोठा शब्द नव्हता हो. "एक दे रे, आणि थोडी—" इतकं म्हटलं आणि पुढे नुसती हवा. बरणी समोर होती. लाल-पिवळा गर, त्यात बिया. ओठाला लागलं की कसं भाजतं ते मला माहीत होतं, आमच्या गल्लीत कुणाच्या परसात तिचं झाड आहे तेही माहीत होतं, वास तर नाकात शिरतच होता. नाव तेवढं नव्हतं. सुखदेव एका हातात कागदावरची पुरी आणि दुसऱ्या हातात चमचा घेऊन थांबला. मागे रांग. "थोडी काय, टांटी? चिंच? काकडी? मिरची?" आणि त्यानं म्हटल्याबरोबर शब्द परत आला, जणू कुठे गेलाच नव्हता. "मिरचीच रे मेल्या," मी म्हटलं, "तुझी परीक्षा बघत होते." रांग हसली. मागून कुणी म्हणालं, "एनिड क्वामिनाचे शब्द संपले म्हणजे बंदरातलं पाणी आटलं म्हणायचं!" अख्खी बेलमाँटची वस्ती मला टांटी म्हणते, म्हणजे मावशी, आणि मावशीची फिरकी घ्यायला इथे परवाना लागत नाही. मीही हसले. कोपऱ्यावर जाऊन भिंतीला टेकले, चण्यांचा रस मनगटावरून कोपरापर्यंत ओघळला, तेव्हा लक्षात आलं की हात कापतोय.

विसरतो की माणूस. एकसष्ट वर्षांची बाई सकाळच्या उन्हात उपाशीपोटी उभी राहिली तर मिरची काय, स्वतःचं लग्नही विसरेल. माझं तर झालंच नाही, तो प्रश्न मिटला. असं मी मला सांगत होते, आणि पोटात ती उतरत होती. भीती. मला भीतीचे प्रकार कळतात. चाळीस वर्षं लोकांसमोर उभी राहून, कविता म्हणून पोट भरलेली बाई आहे मी. कार्यक्रमाआधीची भीती वेगळी. ती घशात बसते, लघवीला पळवते, आणि पहिला शब्द फेकला की चालती होते. चांगल्या घरची भीती आहे ती. ही तसली नव्हती. ही खाली बसली आणि तिनं पाय पसरले. हिला मी ओळखत होते. आमच्याच घरात, आमच्याच गॅलरीत, आईच्या खुर्चीसमोर बसून हिच्याशी ओळख झाली होती.

आई कार्निव्हलचे पोशाख शिवायची. राजे, राण्या, सैतान, समुद्राचे देव, सगळ्यांचे. नोव्हेंबरपासून आमच्या घरात पाय ठेवायला जागा नसे. झोपायच्या चटईवर टिकल्या, भातात टिकल्या, एकदा तर माझ्या कानात टिकली. पहिल्यांदा तिचं अंगुस्तान गेलं. वस्तू बोटातच होती, नाव गेलं. "ते आण गं, ते... बोटाचं टोपण." मी हसले होते. मला गंमत वाटली, मी तर तो शब्द उचलून एका कवितेत घातला! मग शेजारणीचं नाव गेलं, मग रस्त्याचं. खारा मासा कपड्यांच्या कपाटात सापडला, इस्त्रीसकट. ती चिडायची, आम्हीच लपवतो म्हणायची, मशीनवर हात आपटायची, आणि त्या चिडण्यामागे डोळे असे असायचे की ते बघवायचे नाहीत. रात्र रात्र घाबरलेली असायची. आणि मग एक दिवस ती घाबरायची थांबली. दुपारची वेळ, गॅलरीत बसली होती, केस नीट विंचरलेले. मी बाजारातून आले तर हसून म्हणाली, "या ना, बसा. तुमची आई बरी आहे का?" फार सभ्यपणे. तिनं मला कधी इतक्या गोडीनं विचारलं नव्हतं. मी पिशवी खाली ठेवून नळावर गेले आणि तोंडात पदर कोंबावा तसा झग्याचा काठ कोंबून रडले. जोवर ती घाबरत होती, तोवर आई होती. त्या दिवसानंतर ती फक्त सुखी होती, सहा वर्षं.

म्हणून मी भिंतीला टेकून म्हटलं, घाबर एनिड, घाबर. घाबरते आहेस तोवर आहेस. आणि हे म्हणूनही धीर आला नाही. कारण संध्याकाळ व्हायच्या आत, चारच्या सुमाराला, वुडफर्ड चौकात माझा कार्यक्रम होता. माझ्या कविता कुठेही लिहिलेल्या नाहीत. एकही नाही. ही माझी ऐट. कागद त्याला लागतो ज्याची जीभ लुळी, असं मी रेडिओवर म्हणाले होते, आणि लोकांनी ते रंगवून भिंतीवर लिहिलं. खरं कारण एवढंच की आईला वाचता येत नव्हतं. शाळेत असताना पाठांतराच्या स्पर्धेत मी कुठल्याशा परदेशी फुलांवरची कविता म्हटली होती, जी फुलं मी जन्मात पाहिली नव्हती. बाईंनी आमची बोली जिभेवरून निघावी म्हणून पट्टीनं तळहात सुजवले होते. पहिलं बक्षीस मिळालं. आई पुढच्या रांगेत बसून टाळ्या वाजवत होती, आणि घरी येताना म्हणाली, "छान म्हटलंस हो. काय होतं ते?" त्या प्रश्नातून मी कवी झाले. तिला कळेल असं, तिच्या बोलीत, तिला धुणं धुताना म्हणता येईल असं. सुरुवातीला एका रेडिओवाल्यानं सांगितलं, बाई, ही कविता नाही, हे बाजारातलं भांडण आहे. मी म्हटलं, मग तुम्ही बाजारात कधी भांडला नाहीत, बायकोला पाठवत असाल. पुढे त्याच भांडणानं मला टोरंटोला नेलं, तिथल्या बर्फात, जिथं आपली माणसं जाड कोट घालून सभागृहात बसायची आणि मी घरची बोली काढली की कोटांच्या बाह्यांना डोळे पुसायची. सगळं तोंडात होतं. तिजोरी तोंडात, आणि किल्लीही तोंडातच. ही अक्कल कुणाची, तर माझी!

माझ्या साथीला ढोल वाजवणाऱ्या कथबर्टकडे जायला चढ उतरावा लागतो. उतरता उतरता मी आईची कविता म्हणून पाहिली, हळू आवाजात, लोकांना वाटावं म्हातारी प्रार्थना करते आहे. ती माझी सगळ्यांत जुनी. झोपेतून उठवून मारलं तरी म्हणेन.

आईनं टाचले राजाला तारे,
राजा निघाला नाचत नाचत,
आणि आमच्या घरात अंधार सारा,
आई राहिली सुया वेचत.

दुसरं कडवं आलं. ते तर धावतच आलं. "सुया वेचता वेचता तिला," इथपर्यंत आले, तिसऱ्या कडव्याच्या तोंडाशी, आणि पुढे पायरीच नाही. पाय हवेत. मी थांबले. परत पहिल्यापासून आले, वेग घेऊन, वेगानं माणूस खड्डा ओलांडतो म्हणून, पुन्हा तिथंच. काय सापडलं तिला? सुया वेचता वेचता काय सापडलं माझ्या आईला? एक बाई दोन मुलांना धरून वर चढत होती, म्हणाली, "गुड मॉर्निंग, टांटी, आज येतोय हं आम्ही सगळे!" मी मान हलवली. घामानं पाठ भिजली होती आणि तो घाम गार होता. तिला थांबवून विचारावंसं वाटलं, तुला येते का गं माझी कविता, सांग ना पुढचं. जीभ रेटली नाही. ज्यांच्या समोर आयुष्यभर छाती काढून चालले त्यांच्यापुढे वाडगा कसा धरू?

कथबर्ट अंगणात ढोल शेकत होता. वर्तमानपत्रं पेटवून त्या आगीवर बकऱ्याचं कातडं फिरवायचं, थाप मारायची, ऐकायचं, पुन्हा फिरवायचं. मी कविता म्हणायला लागल्यापासून माझ्यामागे हा माणूस आणि हा ढोल. लग्न केलं असतं तर इतकं टिकलं नसतं. बोलायला लागला तर वर्षातून दोनदा, बाकी वेळ दातांतून लांब 'च्च' ओढतो, त्यातच हो, नाही आणि मर असे तिन्ही अर्थ.

"कथबर्ट, एक सांगायचंय," मी म्हटलं. "हसलास तर ढोल फोडीन."

"बोल."

"मी विसरायला लागले आहे. आईसारखी."

त्यानं ढोल फिरवला. थाप मारून ऐकली. वर पाहिलंच नाही. "जेवलीस का?" म्हणाला.

"मी काय म्हटलं ते ऐकू आलं का तुला?"

"आलं."

"मग? जरा दचकून तरी दाखव! बाई तुला सांगते आहे की तिचं डोकं चाललं, आणि तू जेवलीस का विचारतोस!"

"दचकायचं वय गेलं, एनिड. आत तुरीच्या दाण्यांचा भात आहे. वाढून घे."

मला इतका राग आला की भीती घटकाभर बाजूला सरकली. मी त्याला सगळं सांगितलं. मिरची, तिसरं कडवं, अंगुस्तान, गॅलरीतली ती गोड दुपार. सांगता सांगता रडले. त्यानं ढोल खाली ठेवला, आगीवर पाणी ओतलं, आणि माझा हात हातात घेऊन नुसता बसून राहिला. त्याचे तळहात लाकडासारखे झाले आहेत, तरी ऊब होती. मला आधार वाटायला हवा होता. पण तो ज्या सवयीनं बसला, हात ज्या सवयीनं धरला, ते मला कुठेतरी खुपलं. पहिल्यांदा ऐकणारा माणूस असा बसत नाही. मी तो विचार हाकलला. घाबरलेल्या माणसाला सगळ्यातच काहीतरी दिसतं.

"मी आज चौकात सांगून टाकते," मी म्हटलं. "चाळीस वर्षं सरकारचं, पाद्र्यांचं, नवऱ्यांचं सगळ्यांचं बिंग ओरडून फोडलं, आता स्वतःचं लपवू? उभी राहीन आणि म्हणेन, मला आठवत नाही. संपलं. मग घरी."

"सांग की."

"नको तरी म्हण रे!"

"नको म्हटलं तरी तू सांगशीलच," तो म्हणाला आणि उठला. "घाबरू नकोस. मी मागे आहे."

टॅक्सीत मी त्याच्याकडे पाठ करून खिडकीबाहेर बघत बसले. सगळं जागच्या जागी होतं, चुनामातीच्या भिंती, सोरेलचा लाल रस विकणारी बाई, फुटबॉलच्या पाट्या, आणि मी एकेकाचं नाव मनात घेत होते, मेंढरं मोजावीत तसं. हे झाड कोणतं, समान. ते पलीकडचं झाड, पूइ. तो कोण, पोलीस. त्याच्या डोक्यावर काय, टोपी. एकही चुकलं नाही, आणि प्रत्येक बरोबर आलेल्या नावाबरोबर छाती जास्तच धडधडायची, कारण पुढचं चुकणार. आपल्या डोक्याच्या दारावर आपणच पहारा करायचा. आत कोण राहिलंय ते बघायला आत जावं, तर दार सुटतं. मी कथबर्टचा शर्ट मुठीत धरला.

चौक भरला होता. कारंज्याच्या कठड्यावर पोरं, झाडाखाली खुर्च्या टाकून म्हाताऱ्या, एरवी तिथे जगाच्या अंताची तारीख सांगणारा पाद्रीसुद्धा आज गप्प बसून शेंगदाणे खात होता. पुढच्या रांगेत हिरव्या टोपीची एक बाई, मांडीवर रुमाल तयार ठेवलेला. ऊन तिरपं झालं होतं तरी मंचाच्या फळ्या तापलेल्या होत्या. मी चढले तशी लोकांनी जी आरोळी ठोकली ती पोटात गेली. देवा, किती प्रेम हे. आणि मी यांना काय देणार, भोक. मी दोन्ही हात वर केले.

"क्रिक?"

"क्रॅक!" सगळा चौक.

गोष्ट ऐकायची म्हणजे अशी ओ द्यायची, हे आमच्याकडे दात यायच्या आधी येतं. वर बोलणारा हाक देतो, खालचे उत्तर देतात. उत्तर आलं नाही तर बोलणाऱ्यानं घरी जावं. मी पाण्याच्या बिलाची कविता म्हटली. लोक खुर्च्यांवरून पडेस्तोवर हसले. मग नवऱ्याच्या बुटांची. जीभ आपली आपण चालत होती, मी तिच्या मागे मागे, आणि एक क्षण मला वाटलं की सकाळ खोटी होती, उपाशी पोटाचा खेळ. मग मी आईची कविता काढली. राजाला तारे. सुया वेचत. दुसरं कडवं. "सुया वेचता वेचता तिला," आणि तिथंच. खड्डा होता तिथंच होता. मागे कथबर्टचा ढोल हळू झाला, अगदी खालच्या आवाजात चालू राहिला, आणि समोर शेकडो तोंडं वर वळलेली, आणि मी फळीवर उभी, कानशिलं तापलेली, पाय गार. पळावं. जिन्यापर्यंत चार पावलं. कुणी धरणार नाही. पण मी सांगायचं ठरवलं होतं. मी श्वास घेतला.

"मला आठवत नाही," मी म्हटलं.

मी एकटी नाही म्हटलं. त्यांनीही म्हटलं. माझ्यानंतर नाही, माझ्याबरोबर. मी 'म' ला ओठ मिटले तेव्हा पुढच्या रांगेचे ओठ मिटले होते, आणि सगळा चौक एका तोंडानं म्हणाला, मला आठवत नाही, आणि शेवटच्या शब्दावर ढोलाची थाप पडली. मला वाटलं थट्टा. "अरे, हसू नका," मी ओरडले, "खरंच सांगते, ही कविता नाही!" आणि ते ओरडले, "खरंच सांगते, ही कविता नाही!" त्याच चालीत, त्याच जागी श्वास घेऊन. हिरव्या टोपीच्या बाईनं रुमाल उचलला होता. ती रडत होती आणि तिचं तोंड माझे शब्द माझ्याआधी जुळवत होतं.

मी मागे वळले. कथबर्टचा हात थांबला नव्हता. त्यानं मला मानेनं जवळ बोलावलं आणि कानाशी म्हणाला, "ऐक, एनिड. ते हीच ऐकायला आलेत."

"कुठली?"

"ही. विसरण्याची. मागल्या कार्निव्हलपासून करतेस तू. पहिल्या वेळी तू खरंच सांगितलंस. त्यांना वाटलं हाक देते आहेस, त्यांनी ओ दिली. सगळ्या चौकानं. तू तिथं एकटी उभी, तोंड पांढरं पडलेलं, मग मी काय करणार होतो? मी ठेका धरला. ठेका धरला की आपल्याकडे कविता होते, बाई. पुढचं तू त्यावर बोलत गेलीस. भीतीचं सगळं. तुझ्या इतक्या वर्षांत असलं काही ऐकलं नव्हतं लोकांनी."

"आणि आज सकाळी? अंगणात?"

"दर वेळी येतेस. दर वेळी पहिल्यांदाच सांगतेस."

माझ्या अंगातून काहीतरी निघून गेलं, पायांतून, फळ्यांतून खाली. मला ओरडायचं होतं की मग मला का नाही सांगितलंस, आणि त्याच्या डोळ्यांतच दिसलं की सांगितलं होतं. दर वेळी. मला आईसारखं त्याच्या अंगावर धावून जावंसं वाटलं, लपवतोस म्हणून. हात उचललाही. पण समोर चौक वाट बघत होता. पुढची ओळ माझी होती आणि ती मला येत नव्हती, कारण मी ती कधी ऐकलीच नव्हती. इतकी भीती मला जन्मात वाटली नाही. तेव्हा हिरव्या टोपीची बाई उठून उभी राहिली, आणि म्हणायला लागली, अगदी सावकाश, आजारी माणसाला घास भरवावा तशी, आणि तिच्यामागून रांगेमागून रांग.

दार विसरले, उंबरा अडवतो,
गाव विसरले, चढ दमवतो,
मीच मला जर विसरून गेले,
तुमच्या तोंडी कोण बोलतो?

ढोल त्याखाली चालला आहे. त्यांनी ते पुन्हा घेतलं आहे, आता पोरंही, कठड्यावर पाय आपटत. ऊन मानेवर बरं वाटतं आहे. पोटातलं निवलं, हातही कापत नाही. किती माणसं आली आहेत, आणि किती मनापासून म्हणतात. मी टाळ्या धरते त्यांच्याबरोबर. बाई गं, काय कविता आहे! त्या शेवटच्या ओळीला तर अंगावर काटा येतो. चांगलं असेल त्याला चांगलं म्हणायला मी कधी कंजुषी केलेली नाही. असं काही मला सुचायला हवं होतं.

ढोलवाला रडतो आहे. मी त्याच्याकडे वाकते आणि विचारते, "फार छान आहे हो. कुणाची आहे ही?"